वाचकांचे प्रश्न : एक नट, तीन नावं

प्रश्न : ‘किंग ऑफ किंग्ज’ (१९२७) या मूकपटात पिलात (येशूला क्रूसाची शिक्षा देणारा रोमन सुभेदार) झालेले व्हिक्टर व्हार्कोनी मूळचे हंगेरीचे, असं वाचलं. त्यांचे तिकडचे चित्रपट मात्र शोधूनही मिळत नाहीत. – एक वाचक, सांगली

उत्तर : नाव बदलून शोधा. १८९१ साली किशवार्दा इथे जन्मलेले हे नट मायदेशी ‘वारकोन्यी मिहाय’ होते. हंगेरीत आडनाव आधी लिहितात. व्हिएन्नात ते मिखाएल वारकोन्यी झाले आणि १९२४ पासून अमेरिकेत व्हिक्टर व्हार्कोनी. त्यामुळे ‘सोडोम अँड गोमोरा’ (१९२२) हवा असेल तर व्हिएन्नातलं नाव वापरा.

तरीही हाती थोडंच लागेल. हंगेरीचे बहुतेक मूकपट नष्ट झाले आहेत. तेव्हाची फिल्म सेल्युलोज नायट्रेट या रसायनापासून बनवलेली. ती उष्ण, दमट जागी राहिली की आधी चित्र फिकटतं, मग थर चिकटतात आणि शेवटी भुकटी होते. शिवाय ती झटकन पेट घेते.

प्रश्न : मग सुरुवात कोणत्या चित्रपटापासून करावी?

उत्तर : ‘अ तोलोन्त्स’पासून. १९१४ मध्ये कोलोझवारला (आता रुमानियातलं क्लुज) येनो यानोविच यांनी त्याची निर्मिती केली. दिग्दर्शक होते केर्तेस मिहाय, म्हणजेच पुढे ‘कॅसाब्लांका’ करणारे मायकेल कर्टिझ. नायक व्हार्कोनी, नायिका लिली बेर्की. याची प्रत न्यूयॉर्कच्या ‘हंगेरियन हाउस’च्या तळघरात सापडली आणि तिची दुरुस्ती झाली.

त्यानंतर ‘शिकागो’ (१९२७) जरूर पाहा. यात ते नायिका रॉक्सीचे पती एमॉस आहेत. बायकोच्या खटल्याच्या खर्चासाठी हा सरळमार्गी माणूस रात्री तिच्या वकिलाच्याच घरी चोरी करतो. आमच्या मते त्यांचं सर्वोत्तम काम हेच, पिलातपेक्षाही सरस. ‘किंग ऑफ किंग्ज’चे दिग्दर्शक सेसिल डेमिल यांच्या खासगी संग्रहातली प्रत टिकली म्हणून हा चित्रपट आज पाहता येतो.

प्रश्न : बोलपट आल्यावर ते कुठे गेले?

उत्तर : कुठेच नाही. इंग्रजी उच्चारांमुळे नायकाच्या भूमिका संपल्या, एवढंच. ‘द प्लेन्समन’ (१९३६), ‘फॉर हूम द बेल टोल्स’ (१९४३), ‘सॅमसन अँड डिलायला’ (१९४९) यांत ते दुय्यम भूमिकांत दिसतात. निधन १९७६ मध्ये.

प्रश्न : जुन्या मूकपटांत माणसं तुरुतुरु का पळतात?

उत्तर : वेग चुकतो म्हणून. कमी वेगानं टिपलेली फिल्म जास्त वेगानं दाखवली जाते. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी (फ्रेम, म्हणजे सुटी चित्रं) असतात. १००० फुटांचं रीळ सेकंदाला १६ चौकटींनी सुमारे १६ मिनिटं ४० सेकंद चालतं, तर बोलपटाच्या २४ चौकटींनी जेमतेम ११ मिनिटं. कॅमेरा हातानं फिरवत असल्यानं एकाच चित्रपटातही वेग बदलतो. अशी पळणारी प्रत मिळाली तर प्लेअरचा वेग ०.७५ करा, २४चे १८ होतात. चाल तरीही खटकली तर आणखी थोडा कमी करा. संगीत मागाहून जोडलेलं असतं आणि वेग उतरवला की तेही रेंगाळतं, म्हणून आवाज बंद ठेवा. दुरुस्त केलेल्या प्रतींचा वेग बहुधा आधीच सुधारलेला असतो. तिथे हा उपाय करू नका.