वेस्टर्न कादंबऱ्यांमधलं काउबॉयचं आणि रँचवरचं आयुष्य कितपत खरं असतं? नव्या वाचकानं सुरुवात कुठून करावी?

कादंबरीत गाय किती पानांवर दिसते ते बघा. जिथं काउबॉय आहे पण गुरं नाहीत, तिथं बाकीचंही खरं नाही असं खुशाल समजा. ही कसोटी माझी नव्हे, माझ्या मामाची. मामाला इंग्रजीचं अक्षर येत नव्हतं.

१९८६ चा उन्हाळा. माझं आजोळ आटपाडीकडचं, माणदेशातलं. मामाकडे खिल्लार बैलांची जोडी, तीन गाई आणि एक खोंड होता. मी पुण्याहून जाताना फुटपाथवरून घेतलेल्या वेस्टर्न, म्हणजे अमेरिकेच्या पश्चिमेतल्या काउबॉयांच्या, कादंबऱ्यांची पिशवी भरून नेली होती. रात्री अंगणात बाजेवर पडलं की मामा म्हणायचे, "सांग तुझ्या त्या घोडेवाल्याची गोष्ट." मी इंग्रजी पानं मनातल्या मनात उलटी-सुलटी करत मराठीत सांगायचो. नायक कुठून तरी येतो, एका रँचवर, म्हणजे गुरं पाळायच्या मोठ्या कुरणावर, कामाला लागतो, गावात जाऊन सलूनमध्ये, म्हणजे तिथल्या दारूच्या गुत्त्यात, बसतो, खलनायकाच्या माणसांना लोळवतो आणि शेवटी रँचमालकाच्या मुलीशी लग्न करतो. चार हजार गुरांचा तो रँच.

मामांनी मध्येच थांबवलं. "चार हजार जनावरं म्हंतोस. आन् ह्यो तीन दीस गुत्त्यात बसला हुता, तवर जनावरांस्नी पाणी कुणी दावलं?"

मी म्हटलं, असतील की दुसरे गडी.

"किती? रातीला राखणीला कोण हुतं? पगार काय द्येत हुता मालक?" थोडा वेळ गेला आणि परत आवाज आला, "जनावरांच्या कडंला बार काढला म्हंतोस, मग समदं खिल्लार उधळलं असंल की. त्ये कुटं सांगितलं न्हाईस."

पुस्तकात नव्हतंच, तर सांगणार काय? पण त्या रात्रीपासून मला दुसरं काही सुचेना. पुढची कित्येक वर्षं मी मामांच्या त्या चार प्रश्नांची उत्तरं शोधत वाचत होतो. सुट्टीत आजोळी गेलो की सापडलेलं एकेक त्यांना सांगायचो. तुमच्या प्रश्नाचं माझ्याकडचं उत्तर तेच आहे.

किती गडी? टेक्सासातून उत्तरेला पायी नेल्या जाणाऱ्या कळपात साधारण अडीच हजार गुरं असायची, आणि त्यांच्याबरोबर दहा-बारा काउबॉय, एक स्वयंपाकी, शिवाय नुसत्या घोड्यांकडे बघणारा एक पोरगा. एका माणसाला पुरेल असं हे काम नव्हतंच. कादंबरीतला एकटा, अबोल, कुणाची गरज नसलेला घोडेस्वार मला म्हणूनच पटत नाही. कळपाच्या तोंडाशी अनुभवी माणसं चालायची, दोन्ही बाजूंना बाकीचे, आणि नव्या पोरांना शेपटाशी ठेवायचे, म्हणजे अडीच हजार गुरांची धूळ दिवसभर त्यांच्या नाकातोंडात. रुमाल तोंडावर बांधायचा तो यासाठी. दिवसाला वीस-बावीस किलोमीटर चाल. त्याहून जास्त पळवलं तर जनावर वाळतं, आणि वाळलेल्या जनावराला बाजारात भाव नाही. हे सांगितल्यावर मामा लगेच म्हणाले, "खरसुंडीच्या जत्रंला बैल न्येताना आमी बी न्हाई पळवत."

रात्रीची राखण? पाळीपाळीनं. एका वेळी दोघं घोड्यावर, दोन-दोन तास, बसलेल्या कळपाभोवती एकमेकांच्या उलट दिशेनं फिरत. आणि फिरताना गात. गाणं हौसेचं नव्हतं. अंधारात घोड्याचा खूर वाजला किंवा काडी मोडली तरी कळप बिचकून उठतो, म्हणून माणसाचा आवाज सतत कानावर राहू द्यायचा. मामा रात्री गोठ्यात जाताना खाकरत जायचे, ते मला लहानपणी नुसती सवय वाटायची.

पगार महिन्याला पंचवीस ते चाळीस डॉलर. घोडे मालकाचे, खोगीर स्वतःचं. हंगाम संपला की बहुतेकांना घरी पाठवायचे आणि हिवाळाभर काम नाही. १८८३ साली टेक्सासच्या उत्तर टोकाला काउबॉयांनी महिना पन्नास डॉलर मागत संप केला होता, आणि तो मोडला गेला. संपावर गेलेले काउबॉय तुम्ही किती कादंबऱ्यांत वाचलेत? मी तरी हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेसुद्धा नाही.

आणि बंदुकीचा बार? टेक्सास सरकारनं ऑस्टिनची विधानभवनाची इमारत बांधून देण्याच्या मोबदल्यात सुमारे तीस लाख एकर जमीन दिली, तिच्यावर एक्सआयटी नावाचा रँच उभा राहिला. त्या रँचच्या नियमांत नोकरांना पिस्तूल बाळगायला बंदी होती. दारू आणि जुगारालाही. खरे काउबॉय गोळीनं मेले त्यापेक्षा नदी ओलांडताना बुडून, रिकिबीत पाय अडकून घोड्यामागं फरफटत, नाहीतर उधळलेल्या कळपाखाली अधिक मेले.

मामांना सगळ्यात आवडलेली गोष्ट मात्र गोचिडाची. कादंबऱ्यांत भांडण कुणाचं तर चांगल्या माणसाचं आणि वाईट माणसाचं. प्रत्यक्षात कॅन्ससचे शेतकरी बंदुका घेऊन टेक्सासच्या कळपांना अडवायचे ते एका तापासाठी. टेक्सासची लांब शिंगांची गुरं स्वतः ठणठणीत असायची, पण ती ज्या कुरणातून जायची तिथली स्थानिक गुरं पटापट मरायची. कारण कुणाला कळत नव्हतं. १८९३ मध्ये सिद्ध झालं की हा रोग गोचीड पसरवतं. आपल्याकडे ज्यांना गोचीड ताप म्हणतात त्यांतलाच हा एक. मामा बाजेवर उठून बसले. "मग टेक्सासवाल्याचा बी दोष न्हाई आन् कॅन्ससवाल्याचा बी न्हाई!" अशी भांडणं कादंबरीत आली असती तर त्या कादंबऱ्या कितीतरी मोठ्या झाल्या असत्या, असं मला आजही वाटतं.

आता जे बोलायचंच आहे ते बोलतो. मामांचा थोरला मुलगा, माझा दादा, इंग्रजीचा प्राध्यापक होता. एका लग्नाच्या पंगतीत, सगळे नातेवाईक बसलेले असताना, त्यानं माझी ओळख करून दिली ती अशी: "यानं आयुष्यभर गुराख्यांच्या गोष्टी वाचल्या." लोक हसले. मामा शेजारच्या पानावर बसले होते. ज्या माणसानं गुरं राखून दादाची कॉलेजची फी भरली, त्याच्या देखत 'गुराखी' हा शब्द शिवीसारखा वापरला गेला. मामांनी मान वर केली नाही. मीही काही बोललो नाही, आणि ते न बोलणं मला तीस वर्षं टोचतंय.

या गोष्टींत दम नाही, हा दादाचा मुद्दा अर्धा बरोबर होता, हे मान्य करतो. आपल्याकडे फुटपाथवर ज्या वेस्टर्न सर्वांत जास्त मिळायच्या, त्यातल्या बऱ्याच इंग्लंडात बसून लिहिलेल्या. सडन या बंदूकबाजाच्या कादंबऱ्या लिहिणारे ऑलिव्हर स्ट्रेंज इंग्रज. सव्वाशेहून जास्त पुस्तकं लिहिणारे जे. टी. एडसन पोस्टमनची नोकरी केलेले, तेही इंग्रज. अमेरिकेतला झेन ग्रे मुळात दातांचा डॉक्टर. १९०२ च्या ज्या कादंबरीनं काउबॉयला साहित्यात मान मिळवून दिला, ती ओवेन विस्टरची 'द व्हर्जिनियन', तीत नायक काउबॉय आहे पण गुरांचं काम शोधूनच काढावं लागतं. मामांच्या कसोटीला ती उतरत नाही. मी ती दोनदा वाचली, दोन्ही वेळा आवडली, तरीही उतरत नाही.

पण दादानं अँडी अ‍ॅडम्स वाचला नव्हता. हा माणूस टेक्सासात सुमारे दहा वर्षं गुराघोड्यांच्या कामात होता. काउबॉयबद्दल खोटं लिहिलेलं बघून वैतागला आणि १९०३ मध्ये स्वतः 'द लॉग ऑफ अ काउबॉय' लिहिलं. १८८२ साली मेक्सिकोच्या सीमेपासून पार मोंटानापर्यंत तीन हजारांहून जास्त गुरं पाच महिन्यांत कशी नेली, एवढीच गोष्ट. प्रेमप्रकरण नाही, मालकाची मुलगी नाही. नदी, चिखल, स्वयंपाक, शेकोटीभोवतीच्या गप्पा, आणि पानोपानी गुरं.

त्यात एक प्रकरण आहे बिनपाण्याच्या वाटेचं. तीन दिवस पाणी मिळत नाही. कळप अस्वस्थ होतो, मग एकदम माघारी वळतो. माणसं समोर घोडे घालतात, तोंडासमोर गोळ्या झाडतात, तरी गुरं थांबत नाहीत, घोड्यांना येऊन धडकतात. तेव्हा लक्षात येतं की तहानेनं गुरांची दृष्टी गेली आहे. त्यांना काहीच दिसत नाहीये, आणि तरी ती बरोबर मागच्या पाण्याच्या दिशेनं चालली आहेत. हे मी मामांना सांगितलं तेव्हा ते खूप वेळ गप्प होते. मग म्हणाले, "जाणारच. जनावर शेवटचं पाणी इसरत न्हाई. ह्ये लिवणाऱ्यानं गुरं राखल्याती." एका वाक्यात ओळखलं त्यांनी. समीक्षा मी पुष्कळ वाचली आहे, दादाचीही वाचली आहे, पण लिहिणाऱ्याला इतकं नेमकं ओळखणारं वाक्य मला दुसरीकडे मिळालेलं नाही.

तेव्हा सुरुवात या पुस्तकापासून करा. जुनं असल्यामुळे ते इंटरनेटवर फुकट आणि कायदेशीर मिळतं. पहिली पन्नास पानं रेंगाळतात, सोडू नका. त्यानंतर बंदूकवाल्या कादंबऱ्या जरूर वाचा, मजा येते, मीही अजून वाचतो. फक्त त्यांना इतिहास समजू नका. आणि कुणी 'गुराख्यांच्या गोष्टी' म्हणून नाक मुरडलं तर सांगा की हो, गुराख्यांच्याच आहेत. स्पॅनिशमध्ये काउबॉयला 'वाकेरो' म्हणतात, 'वाका' म्हणजे गाय. रँच, लासो, रोडिओ हे शब्द मेक्सिकोच्या गुराख्यांकडूनच इंग्रजीत आले. हा धंदा गोऱ्या टेक्सासवाल्यांनी त्यांच्याकडूनच शिकला.

रँचचं तुम्ही विचारलंत आणि मी सगळं वाटेवरचंच सांगत बसलो. थोडक्यात सांगतो. १८७४ मध्ये ग्लिडन नावाच्या अमेरिकी माणसाच्या काटेरी तारेला पेटंट मिळालं, पुढच्या दहा-बारा वर्षांत मोकळी कुरणं बंदिस्त होत गेली, १८८६-८७ च्या हिवाळ्यात बर्फात अतोनात गुरं मेली, आणि गुरं पायी नेण्याच्या लांबच्या वाटांचा काळ जेमतेम वीस वर्षांत आटोपला. त्यानंतर रँचवरचा काउबॉय म्हणजे कुंपण दुरुस्त करणारा, गवत कापणारा, पवनचक्कीला तेल घालणारा, वसंतात वासरांना डाग देणारा गडी. यावर लिहिणारे फार थोडे.

दोन गोष्टी आधी सांगायला हव्या होत्या. अ‍ॅडम्सच्या पुस्तकात काळ्या माणसांबद्दल आणि मूळ रहिवाशांबद्दलची भाषा त्या काळची आहे, वाचताना त्रास होतो. काउबॉयांत चारातला एक काळा असावा असा इतिहासकारांचा अंदाज आहे, पण कादंबऱ्यांत तो दिसत नाही. गुलामीत जन्मलेला बोझ आयकार्ड टेक्सासच्या चार्ल्स गुडनाइट या रँचमालकाबरोबर गुरं हाकायचा, गुडनाइट पैशांची जोखीम बिनघोर त्याच्याकडे द्यायचा, आणि आयकार्ड गेल्यावर गुडनाइटनंच त्याच्या कबरीवर दगड बसवला. आयकार्डवर दहा कादंबऱ्या निघायला हव्या होत्या. आणि अ‍ॅडम्सचा तो कळप शेवटी जातो कुठं, तर ब्लॅकफूट या मूळ रहिवासी जमातीसाठीच्या सरकारी केंद्रावर. त्यांचे गवे, म्हणजे अमेरिकेतले बायसन, मारून संपवले होते, म्हणून सरकार त्यांना टेक्सासचं गोमांस वाटत होतं. हे लक्षात ठेवून शेवटची प्रकरणं वाचा.

दुसरं, मामा गुरांचे मालक होते आणि काउबॉय दुसऱ्याची गुरं राखणारा. हा फरक मोठा आहे, आणि तो मामांनीच दाखवला. मालकाच्या मुलीशी लग्नाचा शेवट मी सांगितला तेव्हा त्यांनी विचारलं होतं, "मालकानं पोरगी गड्याला दिली व्हय?" मी हो म्हटलं. ते म्हणाले, "मग ती गोष्ट खोटी," आणि कूस बदलून झोपले.