ज्याचं वकीलपत्र कुणी घेत नाही

हेगच्या आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयात आरोपीला कोणते हक्क असतात, यावर मागच्या लेखात लिहिलं होतं. त्यावर बरीच पत्रं आली, काही रागावलेली. त्यांतले पाच प्रश्न इथे घेते.

प्रश्न : ज्याने हजारो माणसं मारवली हे सगळ्या जगाने टीव्हीवर पाहिलं, त्याला वकील, दुभाषी, सगळं न्यायालयाच्या खर्चाने कशाला? मेलेल्यांच्या घरच्यांना काय वाटत असेल? (एक वाचक, कोथरूड)

घरच्यांना यातना होतात, त्याबद्दल वाद नाही. पण जगाने पाहिलं ते काय? प्रेतं, जळलेली घरं. गुन्हा घडला एवढं त्यातून कळतं. हुकूम कुणी दिला, हे त्या चित्रात दिसत नाही. या खटल्यांतला आरोपी बहुतेक वेळा घटनेच्या जागी नसतोच, आणि सगळा झगडा त्या हुकमाचा असतो. म्हणून रोम कराराच्या, म्हणजे ज्या कराराने हे न्यायालय उभं राहिलं त्याच्या, कलम ६६ ने गुन्हा सिद्ध करण्याची जबाबदारी अभियोक्त्यांवर, म्हणजे खटला चालवणाऱ्या पक्षावर, टाकली आहे आणि ती आरोपीवर कधीही ढकलता येणार नाही असं कलम ६७ मध्ये बजावलं आहे.

पुण्याला हा प्रश्न नवा नाही. १८७९ मध्ये वासुदेव बळवंत फडक्यांवर इथे राजद्रोहाचा खटला चालला. सरकारची वक्रदृष्टी ओढवून घ्यायला फारसं कुणी तयार नसताना पुण्याचे वकील गणेश वासुदेव जोशी, म्हणजे सार्वजनिक काकांनी, त्यांचं वकीलपत्र घेतलं. फडक्यांची तुलना मी कुणा युद्धगुन्हेगाराशी करत नाही. मला काकांची कृती महत्त्वाची वाटते. आणि २०१२ मध्ये येरवड्यात ज्याला फाशी झाली त्या कसाबचाच खटला घ्या. त्याला वकील मिळवून देताना किती विरोध झाला, ते आठवत असेल. त्याच खटल्यात दोन भारतीय सहआरोपी होते. ते खालच्या कोर्टापासून सर्वोच्च न्यायालयापर्यंत निर्दोष ठरले. बचाव ऐकूनच घ्यायचा नाही असं ठरलं असतं, तर त्या दोघांचं काय झालं असतं?

प्रश्न : थॉमस लुबांगाचा खटला न्यायाधीशांनी दोनदा थांबवला, असं वर्गात शिकलो. लहान मुलांना बंदुका देणाऱ्या माणसाला तांत्रिक कारणावरून सूट मिळणं योग्य आहे का? (विधी शाखेचा विद्यार्थी, डेक्कन)

‘तांत्रिक’ हा शब्द आधी बाजूला ठेव बाळा. काय घडलं ते बघ.

लुबांगा कांगोच्या इतुरी भागातला सशस्त्र गटाचा नेता. पंधरा वर्षांखालच्या मुलांना सैन्यात ओढल्याचा आरोप. या न्यायालयाचा हा पहिलाच खटला. अभियोक्त्यांनी तपासात बरेच कागद संयुक्त राष्ट्रांकडून गोपनीयतेच्या अटीवर मिळवले होते. त्यांतले दोनशेहून अधिक कागद आरोपीच्या बाजूचे ठरू शकतील असे होते. कलम ६७ सांगतं, असे कागद बचाव पक्षाला द्यावेच लागतात. अभियोक्ते म्हणाले, आम्ही शब्द दिलाय, देता येणार नाही. न्यायाधीशांनाही दाखवता येणार नाहीत. जून २००८ मध्ये, खटला उभा राहण्याआधीच, न्यायाधीशांनी तो स्थगित केला. आरोपीच्या बाजूचा पुरावा एका पक्षाच्या कपाटात कुलूपबंद असेल, तर ऐकायचं ते काय?

पुढचं नीट ऐक. लुबांगा सुटला नाही. अपील चालू असताना तो कोठडीतच होता. संयुक्त राष्ट्रांनी कागद न्यायाधीशांना दाखवायला संमती दिली, नोव्हेंबरमध्ये स्थगिती उठली, जानेवारी २००९ मध्ये खटला सुरू झाला. २०१० मध्ये पुन्हा तसंच. साक्षीदार गाठून देणाऱ्या एका मध्यस्थाची ओळख बचाव पक्षाला सांगा, असा आदेश झाला. अभियोक्त्यांनी तो मानला नाही, आणि दुसरी स्थगिती आली. हे मध्यस्थ साक्षीदारांना पढवतात, असा बचाव पक्षाचा आक्षेप होता. निकालात न्यायाधीशांनी बालसैनिक म्हणून आणलेल्या बहुतेक मुलांच्या साक्षींवर विसंबायचं नाकारलं! तरीही इतर साक्षी आणि छावण्यांमधल्या चित्रफिती यांवर मार्च २०१२ मध्ये तो दोषी ठरला, चौदा वर्षांची शिक्षा झाली.

बचाव पक्षाने बोट ठेवलं नसतं, तर त्या पढवलेल्या साक्षी निकालात शिरल्या असत्या आणि अपिलात सगळी इमारत कोसळली असती. मला तर त्या दोन्ही स्थगित्या त्या खटल्यातला सगळ्यात मोलाचा भाग वाटतात. शिवाजीनगर कोर्टात मी तीस वर्षं फौजदारी वकिली केली. तिथेही आरोपीचा हक्क मारला जातो तो भाषणांत नव्हे, दोषारोपपत्रासोबतचे कागद वेळेवर हातात न पडण्यात.

प्रश्न : मी भाषांतराचं काम करते. तिथे आरोपीला कुठल्या भाषेत खटला मिळतो? (एक वाचक, हडपसर)

न्यायालयाचं काम इंग्रजी आणि फ्रेंचमध्ये चालतं, पण आरोपीला ‘पूर्णपणे समजते आणि बोलता येते’ अशा भाषेत सगळं कळलं पाहिजे, असं करार म्हणतो. ‘पूर्णपणे’ हा शब्द महत्त्वाचा. कामचलाऊ फ्रेंच येतं म्हणून भागत नाही.

याची किंमत मोठी असते. सुदानमधल्या दारफूरचे एक आरोपी अब्दल्ला बांदा, त्यांची भाषा झगावा. तिला लेखनाची परंपरा जवळपास नाही. न्यायालयाला दुभाषी शोधून शिकवून तयार करावे लागले. रवांडातल्या १९९४ च्या नरसंहारासाठी नेमलेल्या न्यायाधिकरणात, अकायेसू या स्थानिक नगरप्रमुखाच्या खटल्यात, तिथल्या किन्यारवांडा भाषेतल्या काही शब्दांचा अर्थ लावण्यासाठी भाषातज्ज्ञाची साक्ष घ्यावी लागली. तुत्सी बंडखोरांसाठी वापरला जाणारा ‘इन्कोटान्यी’ शब्द सभेत उच्चारला, तर तो कुणासाठी होता आणि ऐकणाऱ्यांना काय समजलं, यावर माणसाचं दोषी ठरणं अवलंबून होतं.

तुम्हाला हे सांगायला नको. १९०८ मध्ये टिळकांनी मुंबईच्या हायकोर्टात हीच तक्रार केली होती. खटला ‘केसरी’तल्या मराठी लेखांवर, ज्युरीत सात युरोपियन आणि दोन पारशी, आणि पुढ्यात सरकारी भाषांतर. टिळकांनी त्यातल्या शब्दांवर आक्षेप घेतले. सात विरुद्ध दोन मतांनी ते दोषी ठरले आणि सहा वर्षं मंडालेला गेले.

प्रश्न : शेख हसीनांना ‘आंतरराष्ट्रीय’ न्यायाधिकरणाने त्यांच्या गैरहजेरीत फाशी सुनावली. हेगमध्ये असं होऊ शकतं? (एक वाचक, सदाशिव पेठ)

नाही. नाव आंतरराष्ट्रीय असलं तरी ढाक्याचं न्यायाधिकरण बांगलादेशच्याच १९७३ च्या कायद्याने चालतं. हेगमध्ये फाशी नाही, जास्तीत जास्त जन्मठेप. आणि कलम ६३ प्रमाणे खटल्याला आरोपी हजर हवा. फरार आरोपीविरुद्ध आरोपनिश्चितीची सुनावणी तेवढी होऊ शकते. युगांडाचा फरार बंडखोर नेता जोसेफ कोनी याच्याबाबत २०२५ मध्ये ती झाली.

प्रश्न : दहा वर्षं आत राहून माणूस निर्दोष सुटला, तर त्याला काय मिळतं? आमच्या घरातला एक जण कच्चा कैदी म्हणून राहून आलाय, म्हणून विचारते. (एक वाचक, येरवडा)

ताई, उत्तर द्यायला जड जातंय. बहुतेकदा काहीच नाही.

कांगोचे माजी उपाध्यक्ष ज्याँ-पिएर बेंबा २००८ मध्ये अटकेत गेले, २०१६ मध्ये अठरा वर्षांची शिक्षा झाली, २०१८ मध्ये अपिलात तीन विरुद्ध दोन मतांनी ते निर्दोष सुटले. साक्षीदार फोडल्याच्या वेगळ्या खटल्यात ते दोषी ठरले, हेही सांगायला हवं. पण त्याची शिक्षा एका वर्षाची. त्यांनी भरपाई मागितली, २०२० मध्ये ती नाकारली गेली. अटक बेकायदा असेल, तर कलम ८५ भरपाईचा हक्क देतं. नुसतं निर्दोष सुटणं मात्र पुरत नाही. न्यायाचा गंभीर आणि उघड विपर्यास झाला असं दिसलं पाहिजे, आणि तसं दिसलं तरी भरपाई देणं न देणं न्यायाधीशांच्या मर्जीवर.

माझ्या मते हे कलम बदलायला हवं. आरोप सिद्ध झाला नाही, एवढं कारण पुरेसं धरून कोठडीतल्या वर्षांचे पैसे मिळाले पाहिजेत, हेगमध्येही आणि येरवड्यातही. तुमच्या घरच्या माणसाचे रिमांडचे आणि जामीन नाकारल्याचे आदेश जपून ठेवा. अटकच बेकायदा होती असं त्यांत दिसलं, तर हायकोर्टात रिट करता येते. फी परवडत नसेल, तर आधी शिवाजीनगर कोर्टाच्या आवारातल्या विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. स्त्री म्हणून तिथे तुम्हाला स्वतःच्या नावाने वकील मोफत मागता येतो, उत्पन्नाची अट नाही.