आधी भांडण पक्कं कर

वैरातून प्रेमात पडणाऱ्या दोन मुलींच्या तुझ्या कथेचा मसुदा वाचला. संवाद खुसखुशीत आहेत, पण दोघींचं वैर लुटुपुटुचं वाटतं. धक्का लागला, चहा सांडला, एवढ्यावर कोणी वर्षभर डूख धरत नाही गं. दोघींना एकच गोष्ट हवी असू दे, वाटून न घेता येणारी. पुण्यातली गोष्ट आहे, तर पुरुषोत्तम करंडक ही कॉलेजांची एकांकिका स्पर्धा आहेच: दोन कॉलेजं, दोन दिग्दर्शिका, भरत नाट्य मंदिराचा एकच रंगमंच. एकीने दुसरीच्या एकांकिकेची चारचौघांत चिरफाड केलेली असावी, आणि तिचं म्हणणं थोडं खरंही असावं. आपलं काम इतकं बारकाईने आजवर कुणीच पाहिलं नव्हतं, हे दुसरीला तिथेच जाणवू दे. प्रेम मला तरी तिथे सुरू होताना दिसतं, पावसात एका छत्रीखाली अडकण्यात नाही.

अपमान मात्र जातीवरून, दिसण्यावरून नको. वाचक तो विसरत नाहीत, मग पुढचं चुंबन पटत नाही. माफीचा प्रसंग सविस्तर लिही.

दोघीही ‘ती’, त्यामुळे तिसऱ्या प्रकरणात कोण कोणाचा हात धरते तेच कळेना. नावं वापर, बिनधास्त. आणि घरच्यांचा प्रसंग शेवटी कोंबू नकोस. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने समलिंगी संबंध गुन्ह्यातून वगळले, पण २०२३ मध्ये लग्नाला मान्यता दिली नाही. विशीतल्या या दोघींच्या डोक्यात ते पहिल्यापासून असणार.