सहायक भूमिका आणि पडद्यामागचे काम या दोन्हींत सातत्याने वावरलेला हिंदी चित्रपटातील कलाकार कोण?

माझ्या मते सतीश कौशिक. राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून आलेल्या कौशिकांनी 'मासूम'साठी शेखर कपूर यांचे साहाय्यक दिग्दर्शक म्हणून काम करताना त्यात छोटी भूमिकाही केली, तर 1983च्याच 'जाने भी दो यारों'मध्ये अभिनयाबरोबर रंजित कपूर यांच्यासह संवादलेखनही केले. प्रेक्षकांच्या स्मरणात मात्र 'मिस्टर इंडिया'तील कॅलेंडर हा स्वयंपाकीच अधिक राहिला, जे त्या संवादांवर थोडे अन्यायाचेच आहे. 'राम लखन'मधील विनोदी भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर मिळाले. दिग्दर्शक म्हणून पहिला, भव्य खर्चाचा 'रूप की रानी चोरों का राजा' (1993) आपटला, तरी पुढे 2003मध्ये 'तेरे नाम' गाजला. मार्च 2023मध्ये निधन होईपर्यंत ते अभिनय करत होते.