पलटण, खंजिरी आणि चीवर

प्रिय बेटा,

सैनिकांची आठवण काढायच्या अँझॅक डेसाठी शाळेत घरातल्या सैनिकाचा फोटो न्यायचा होता, म्हणून तू माझ्या फोनमधला आबाजींचा फोटो घेतलास. काल गाडीत विचारलंस, "आई, आपण बौद्ध ना? मग पणजोबा सोल्जर कसे? त्यांचा एक भाऊ भन्ते आणि एक गाणारा, असं कसं? त्यांची भांडणं नाही झाली?" मी "घरी गेल्यावर सांगते" म्हणाले आणि घरी आल्यावर स्वयंपाकाला लागले. रात्रभर तो प्रश्न डोक्यात होता. आज लिहून देते. मराठीत लिहिते, कारण या तिघांबद्दल मला दुसऱ्या भाषेत बोलताच येत नाही. सावकाश वाच, अडेल तिथे विचार.

भांडणाचं आधी सांगते. झालं, आणि मोठं झालं. आबाजी धाकट्या भावाशी दोन वर्षं बोलत नव्हते. ते कशानं मिटलं हे कळायला तुला आधी घर कळायला हवं.

आपलं गाव भंडारा जिल्ह्यात, पवनी तालुक्यात. वैनगंगेकाठचा हा भाग धानाचा. पावसाळ्यात बांध्या पाण्यानं भरतात, बाया गुडघाभर चिखलात ओळीनं वाकून रोवणी करतात. आपल्याही दोन बांध्या होत्या, पण सावकाराकडे गहाण. या तिघांचे वडील लवकर गेले. मागे राहिली आई, तीन मुलगे आणि ते कर्ज. थोरले म्हणजे माझे आबाजी, तुझे पणजोबा. मधल्यांना आम्ही मधले आबाजी म्हणायचो. धाकट्यांना मात्र मी कधीच नात्यानं हाक मारली नाही. ते भन्तेजीच.

आबाजी १९४३ साली महार रेजिमेंटमध्ये भरती झाले. त्यामागची गोष्ट तुझ्या फोटोखाली लिहिता येईल. आपल्या जातीची माणसं इंग्रजांच्या फौजेत पिढ्यान्‌पिढ्या होती. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस इंग्रजांनी ही भरती बंद केली. पहिल्या महायुद्धात माणसं कमी पडली तेव्हा १९१७ साली १११ महार ही पलटण उभी केली, आणि १९२१ मध्ये मोडूनही टाकली. पुढे बाबासाहेबांनी सरकारकडे पाठपुरावा केला आणि १ ऑक्टोबर १९४१ रोजी बेळगावला महार रेजिमेंट उभी राहिली. ज्या माणसाला गावच्या विहिरीवर पाणी भरता येत नव्हतं, त्याला तिथे वर्दी, बूट, पगार मिळाला आणि लिहायला-वाचायला शिकवलं गेलं. मला यातलं शेवटचं सगळ्यात मोठं वाटतं. आबाजी गावातून निघाले तेव्हा त्यांना स्वतःचं नाव लिहिता येत नव्हतं.

तेव्हा फौजेत हिंदुस्तानी रोमन लिपीत शिकवत. त्यामुळे आबाजींचं पहिलं पत्र आलं ते रोमन अक्षरांत, आणि अख्ख्या गावात कोणालाच वाचता येईना. पुढे ते बाळबोध अक्षर शिकले आणि दर महिन्याच्या मनीऑर्डरवर लिहू लागले. मनीऑर्डर तू पाहिलेली नाहीस. पोस्टमन पैसे घरी आणून द्यायचा, आणि फॉर्मच्या खालच्या टोकाला एक छोटं कुपन असायचं, दोन-तीन ओळी मावतील एवढं. ते फाडून घरच्यांना मिळायचं. मधले आबाजी अक्षरं शिकले ती या कुपनांवरून. शाळेत ते थोडेच दिवस गेले होते, तेही वर्गाबाहेर बसून. त्यांनी कुपनं खिळ्याला ओवून ठेवली होती आणि रात्री दिव्यापाशी एकेक अक्षर गिरवायचे.

अक्षरं आली तशी त्यांनी गाणी लिहायला घेतली. गळा होताच. खंजिरीही होती. तुकडोजी महाराजांमुळे खंजिरी आमच्याकडे घराघरांत पोचलेली. मधले आबाजी लहानपणी देवळाच्या पायरीखाली बसून भजन ऐकत आणि मांडीवर ताल धरत. वर चढायला मनाई होती. १९५४ साली बाबासाहेब भंडाऱ्यातून लोकसभेची पोटनिवडणूक लढले, तेव्हा ते चार सोबत्यांना घेऊन गावोगाव गात फिरले. बाबासाहेब हरले. त्यानंतर कितीतरी दिवस मधल्या आबाजींनी खंजिरीला हात लावला नाही, असं आजी सांगायची.

१४ ऑक्टोबर १९५६ ला नागपूरला धम्मदीक्षा झाली. मधले आबाजी, धाकटे आणि त्यांची आई, तिघंही पांढरे कपडे घालून गेले, काही वाट बैलगाडीनं आणि पुढे छोट्या रेल्वेनं. परत आल्यावर मधल्या आबाजींनी गाण्याची वही उघडली आणि जुन्या सगळ्या भजनांवर एकेक आडवी रेघ मारली. पण चाली ठेवल्या. त्याच चालींवर बुद्धाची आणि भीमाची गाणी बांधली. ती वही मी पाहिली आहे. रेघेखालचे जुने शब्द अजून वाचता येतात. ज्या भजनांवर आपला जीव होता ती स्वतःच्या हातानं खोडणं सोपं नसतं, बेटा. ते याबद्दल कधी बोलले नाहीत, पण रेघा फार हलक्या हाताच्या आहेत.

गाण्यावर पोट नव्हतं. बिदागी कधी मिळे, कधी नुसता चहा. कोणी धान निघाल्यावर पायलीभर देई. पोट शेतावर होतं आणि शेत तेच कसत होते. पण १४ एप्रिलच्या रात्री त्यांना बघायला हवं होतंस. आमच्याकडे जयंतीला रात्रभर कार्यक्रम असायचा, कव्वालीचा मुकाबला, पेटी, ढोलक, बँजो. आपली पाळी यायच्या आधी मधले आबाजी मंडपामागे जायचे, तनसाचा, म्हणजे धानाच्या वाळल्या पेंढ्याचा, बारका जाळ करायचे आणि त्यावर खंजिरी शेकायचे. दव पडलं की कातडं सैल होतं. थोडं शेकायचे, कानाजवळ धरून बोटानं टिचकी मारायचे, पुन्हा शेकायचे. आम्ही पोरं गोल करून बसायचो. टिचकीचा आवाज भरल्यासारखा ठणठणीत झाला की ते आमच्याकडे बघून मान हलवायचे आणि उठायचे.

आता धाकट्यांचं. दीक्षेच्या वेळी ते अठरा वर्षांचे होते, शाळा शिकलेले. आबाजींच्या पगारातून त्यांची फी जात होती, आणि आबाजींचं ठरलेलं होतं की यानं कारकुनी करावी, नाहीतर पलटणीत यावं. त्यांनी मात्र चीवर घ्यायचं, म्हणजे भिक्खू व्हायचं ठरवलं. आबाजी सुट्टीवर आले होते तेव्हाच त्यांनी हे सांगितलं आणि घरात आग लागली. आबाजी म्हणाले, "मी मशीनगन उचलून तुले शिकवलं, ते भिक्षा मांगाले का?" धाकटे काही बोलले नाहीत. पुढची दोन वर्षं कुपनांवर धाकट्याचं नाव नसायचं.

भिक्खू होताना संघ काही प्रश्न विचारतो. अडीच हजार वर्षं तेच प्रश्न, पालीत. त्यातले तीन तुला सांगते. "अनणोसि?" तुझ्यावर कर्ज नाही ना? "नसि राजभटो?" तू राजाच्या नोकरीत, सैन्यात नाहीस ना? "अनुञ्ञातोसि मातापितूहि?" आईवडिलांची परवानगी आहे ना?

यातला मधला प्रश्न तुझ्याच प्रश्नाला जाऊन भिडतो. विनयपिटकात, म्हणजे भिक्खूंच्या नियमांच्या ग्रंथात, गोष्ट आहे. बिंबिसार राजाच्या सीमेवर गडबड झाली, तेव्हा त्याचे काही सैनिक लढाई टाळायला येऊन भिक्खू झाले. राजानं बुद्धाकडे तक्रार केली, आणि बुद्धानं नियम केला की राजाच्या सेवेत असलेल्याला प्रव्रज्या, म्हणजे संघात प्रवेश, द्यायची नाही. म्हणजे सैनिक आणि भिक्खू या दोन वेगळ्या वाटा आहेत हे बुद्धाला पक्कं ठाऊक होतं. एकाच माणसानं एकाच वेळी दोन्हींवर पाय ठेवायचा नाही. पण दोन भावांनी एकेक वाट धरली तर त्याला कुठे मनाई नाही.

धाकटे लढाईतून पळत नव्हते, त्यामुळे तो प्रश्न सोपा. अडलं होतं कर्जावर आणि परवानगीवर. आईनं सांगितलं, "थोरला म्हणन तसं." आणि थोरला तर बोलत नव्हता.

१९६१ साली एक मनीऑर्डर आली, नेहमीपेक्षा मोठी. ते कुपन आपल्याकडे आहे. तुझ्या मामानं मला फोटो पाठवला, तो तुलाही दाखवते. निळी शाई, कोपऱ्यात फील्ड पोस्ट ऑफिसचा गोल शिक्का. त्या शिक्क्यावर गावाचं नाव नसतं, नुसता आकडा. खाली आबाजींचं अक्षर: "सावकाराचे पूर्ण देऊन टाकावे. आता धाकट्यावर ऋण नाही. आईने हो म्हणावे."

मधल्या आबाजींनी ते आईला वाचून दाखवलं. ज्यांची कुपनं गिरवून ते वाचायला शिकले, त्यांचंच हे कुपन.

तेव्हापासून भन्तेजींच्या उपसंपदेत, म्हणजे भिक्खू होण्याच्या विधीत, मला तिघंही दिसतात. कर्ज फिटलं ते फौजेच्या पगारातून. आईची काळजी नव्हती, कारण मधला शेत धरून घरी बसला होता. नाहीतर "अनणोसि" ला "आम भन्ते", म्हणजे होय भन्ते, असं खरं उत्तर देताच आलं नसतं.

चीवर घालून ते पहिल्यांदा गावात आले तेव्हा आईनं पोटच्या पोराला तीनदा वंदन केलं. आपल्याकडे भिक्खूला आईबापही वाकतात आणि तो उलट वाकत नाही. आजी सांगायची, वंदन करून ती उठली, चुलीपाशी गेली आणि पदर तोंडाला लावून बसली. आबाजी पुढच्या सुट्टीत आले, त्यांनीही वंदन केलं. वर्दीत नव्हते, धोतरात होते. दोघं काय बोलले कोणाला माहीत नाही. संध्याकाळी आबाजींनी भिक्षापात्रात भाजी वाढली नाही एवढं मात्र आजीला आठवायचं, कारण भन्तेजी दुपारनंतर जेवत नसत आणि हे आबाजींना आधीच ठाऊक होतं. कुठून तरी वाचून आले होते.

भन्तेजी पुढे पालीत बुडाले. भदंत आनंद कौसल्यायन यांनी शेवटची वर्षं नागपुरात काढली. जातककथा त्यांनीच हिंदीत आणल्या. त्यांची प्रवचनं ऐकायला भन्तेजी जायचे. आम्हा पोरांना ते पाली अशी शिकवायचे: हत्थ म्हणजे हात, अग्गि म्हणजे आग, सप्प म्हणजे साप, कम्म म्हणजे काम, पोत्थक म्हणजे पोथी. "तुमाले पाली येते, फक्त तुमाले ठाऊक नाही," म्हणायचे. एकदा आम्हाला पवनीच्या जगन्नाथ टेकडीवर घेऊन गेले. तिथे १९६९-७० मध्ये खोदकाम झालं आणि दोन हजार वर्षांहून जुना स्तूप निघाला, ब्राह्मी लेखांसकट. भन्तेजी विटांजवळ बराच वेळ उकिडवे बसले होते.

तुझा खरा प्रश्न राहिलाच. जयंतीला विहारात पंचशील घेताना आबाजी कोटावर पदकं लावून पहिल्या रांगेत उभे असायचे आणि समोर भन्तेजी. "पाणातिपाता वेरमणी", प्राण्यांच्या हत्येपासून दूर राहण्याचा पाठ मी घेतो. मी तुझ्याएवढी असताना आबाजींना विचारलं होतं, तुम्ही हे कसं म्हणता? ते रागावले नाहीत. म्हणाले, "पुढचा शब्द आयक. सिक्खापदं. हुकूम पलटणीत रायते. हा धडा होय, बेटा. रोज गिरवा लागते."

बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात हेच मांडलं आहे: अहिंसा हे तत्त्व आहे, नियम नाही, आणि मारण्याची इच्छा व मारण्याची गरज यांत बुद्धानं फरक केला. आमच्याकडे पावसाळ्यातल्या वर्षावासाचे तीन महिने रोज संध्याकाळी विहारात हा ग्रंथ वाचतात, आणि आबाजी त्या पानाशी आले की वाचणाऱ्याला थांबवून पुन्हा वाचायला लावायचे. म्हणजे त्यांच्या मनात ते संपलेलं नव्हतं. मला ते संपलेलं नव्हतं हेच आवडतं. युद्धाच्या गोष्टी ते सांगत नसत. एकच सांगायचे, १९४७ ची. फाळणीत पंजाबात त्यांची पलटण निर्वासितांच्या ताफ्यांबरोबर होती. त्यात एका म्हातारीनं यांचं पाणी पिताना जात विचारली नाही. एवढीच गोष्ट.

आणि आपलं घर काही जगावेगळं नाही. बाबासाहेबांचे वडील रामजी फौजेत सुभेदार, फौजेच्याच शाळेत शिकवायचे, आणि कबीरपंथी, घरात भजनं चालायची. बाबासाहेब स्वतः उतारवयात व्हायोलिन शिकत होते, आणि पालीचा शब्दकोशही करत होते.

फोटोखाली नाव, रेजिमेंट आणि १९४३ लिही. जागा उरली तर दोन्ही भावांचंही लिही. बाईंनी विचारलं तर सांग की आईनं सांगितलंय.

डिसेंबरात गावी जाऊ तेव्हा आबाजींची काळी ट्रंक उघडू. किल्ली मामीकडे आहे. कुपनं, वही, भन्तेजींची पालीची टिपणं, सगळं त्यातच आहे. खंजिरीही आहे, पण कातडं फाटलंय. ते नवं बसवून घ्यावं लागेल. मग तनसाचा जाळ कर, मी तुला शेकायला शिकवते.

तुझी,
आई