खाजगीपणा, पुरुषत्व आणि सांस्कृतिक ओळख: यात साहित्याचा अभ्यासक नेमकं काय शोधतो?

तुम्ही विचारलंय, हे तिन्ही विषय समाजशास्त्राचे, मग साहित्यवाल्याचं त्यात काय काम? मी गोव्यात फोंड्याला राहतो, मराठी नाटकांचा अभ्यास करतो. माझ्या कामापुरतं सांगतो.

समाजशास्त्राचा अभ्यासक माणसांना प्रश्न विचारतो. पण पुरुष विचारूनही जे सांगत नाहीत, ते कुठे, कोणत्या भाषेत, कोणाच्या तोंडून बोलून जातात, हे आम्ही लिखाणात धुंडाळतो.

आमच्याकडे देवळाच्या उत्सवात गावकरीच मराठी नाटक करतात. पूर्वी बायकांची कामंही पुरुषच करायचे. माझे आजोबा 'संगीत सौभद्र'मध्ये सुभद्रा व्हायचे. नाटक १८८२चं, पण आमच्या गावात ते कधी जुनं झालंच नाही. आजोबांची नक्कल, म्हणजे आपल्या वाट्याचे संवाद उतरवलेली वही, माझ्याकडे आहे. संवाद शाईने, मराठीत, मोत्यासारख्या अक्षरात. समासात मात्र पेन्सिलीने कोकणी: 'हांगा रडप'. म्हणजे इथे रडायचं. शेवटच्या पानावर सुपारीचा हिशेब.

घरात त्यांना रडताना कोणी पाहिलं नाही, आजी गेली तेव्हासुद्धा. राजांगणात, म्हणजे घरातल्या चौकात, सतत माणसं, सोप्यावर येणारे-जाणारे; बाप्याला एकटं बसायला कोपरा म्हणून नव्हता. आणि तोच माणूस लुगडं नेसून अख्ख्या गावासमोर ढसाढसा रडायचा, घरात कोणी बोलत नाही त्या भाषेत. त्या एका वहीत मला खाजगीपणा, पुरुषत्व आणि ओळख वेगवेगळी काढता येत नाहीत. म्हणून संवादांइतकाच समासही वाचावा लागतो.

शब्दही तपासावे लागतात. मराठेशाहीत 'खासगी' म्हटलं की आधी मिळकत डोळ्यांपुढे यायची. होळकरांची खासगी म्हणजे सरकारी खजिन्यापासून वेगळी ठेवलेली घराण्याची दौलत. त्यामुळे खाजगीपणाची बाहेरून आलेली व्याख्या आपल्या घरांवर जशीच्या तशी बसवणं मला पटत नाही.

१६ जानेवारी १९६७ला गोव्यात जनमत कौल झाला. महाराष्ट्रात विलीन व्हायचं तर फूल, वेगळं राहायचं तर दोन पानं. आमच्या घरात दोन्ही बाजूंची माणसं होती. मराठीत रडणारा आणि कोकणीत जगणारा हा माणूस कोणत्या बाजूला गेला असेल, हे मला फार जाणून घ्यायचं होतं. विचारलं की आजोबा म्हणायचे, 'मत गुप्त आसता', आणि उठून कुळागराकडे, म्हणजे सुपारीच्या बागेकडे, चालू लागायचे.