‘मी आलोय’ म्हणालीस, त्यात काय चुकलं गं?

अगं पोरी, तुझं पत्र मी तीनदा वाचलं. पहिल्यांदा त्या ऑडिशनवाल्यांचा राग आला, दुसऱ्यांदा थोडा तुझाही आला, आणि तिसऱ्यांदा घशात आवंढाच आला, कारण त्यातलं निम्मं माझंच होतं.

बाकीच्यांना कळावं म्हणून थोडक्यात सांगते. ही वीस वर्षांची, करवीर तालुक्यातल्या गावातनं रोज एसटीनं कॉलेजला येते, बीकॉम सेकंड इयर, एकांकिकेत काम करते. बाबा गुळव्या आहेत, म्हणजे गुऱ्हाळावर गूळ शिजवणारे. मध्ये एका सिरियलच्या ऑडिशनला पुण्याला गेली, इंट्रो देताना ‘मी कोल्हापूरहून आलोय’ म्हणाली आणि खोली हसली, एकानं विचारलं, मुलगा आहेस का? मग जाताजाता सांगितलं की लीडसाठी उजळ चेहरा हवाय. तेव्हापासून हिचे सगळे फोटो फिल्टर लावून, पार्लरवालीनं दिलेली बिनलेबलची ट्यूब रोज तोंडाला, इन्स्टावरनं गावाचं नाव आणि आडनाव काढून टाकावं असा विचार चाललाय, आणि बोलणं एकदम ‘आले-गेले’वर. इथपर्यंत ठीक होतं. पण गॅदरिंगला बाबा आले, अंगाला चुलवाणाच्या, म्हणजे गुऱ्हाळाच्या चुलीच्या, धुराचा वास, मैत्रिणीनं विचारलं हे कोण, आणि ही म्हणाली, ‘आमच्या गुऱ्हाळावरचे आहेत.’ बाबांनी ऐकलं. काही बोलले नाहीत, नाटक संपेपर्यंत मागं उभे राहिले आणि चहा न घेता गेले.

आणि मला विचारतेस, ‘ताई, तुम्ही आमच्या कॉलेजला आलतासा तेव्हा म्हणालासा, जशी आहेस तशी राहा, स्वतःची किंमत स्वतः ओळख. पण खरं राहून काम मिळतंय का? का हे काम मिळालेल्यांनीच बोलायचं असतंय?’

तुझा प्रश्न बरोबर आहे. मी स्टेजवरनं ते वाक्य बोलले तेव्हा टाळ्या पडल्या, पण वाक्य अर्धंच होतं, उरलेलं आज सांगते.

खरं राहून काम मिळतंच असं नाही. मलाही कित्येकदा मिळालेलं नाही आणि अजूनही नाही म्हणून फोन येतात. स्मिता पाटील सावळ्या होत्या, दूरदर्शनवर बातम्या द्यायच्या, पुढं ‘भूमिका’ आणि ‘चक्र’साठी दोन राष्ट्रीय पुरस्कार घेतले. रिंकू राजगुरू अकलूजची, शाळेत होती तेव्हा ‘सैराट’ केला, २०१६ ला सगळ्या महाराष्ट्रानं तिची भाषा डोक्यावर घेतली. ही नावं मी तुला सांगू शकते आणि तू दोन दिवस खूश राहशील, पण तिसऱ्या दिवशी परत ‘सॉरी, दुसरं कुणीतरी फायनल झालंय’ असा मेसेज आला की काय करशील? म्हणून त्यांच्या जिवावर तुला धीर देत नाही. एका रोलला ‘नाही’ आलं म्हणजे त्या रोलला ‘नाही’ आलं, एवढंच धर. तुझी किंमत ठरवायला ते बसलेलेच नव्हते गं, ते एका पात्राला चेहरा शोधत होते.

आता भाषेचं. आपल्याकडं बायका ‘आलो, गेलो, जेवलो’ म्हणतात हे कोल्हापूर सोडून बाहेर पाऊल टाकेपर्यंत मला वेगळं वाटलंच नव्हतं, आई तसंच बोलते, आज्जी तसंच बोलायची. मलाही एकानं सुरुवातीला सांगितलेलं, भाषा सुधारून ये. मी आठ महिने घरातसुद्धा ‘करते, जाते, येते’ केलं. आई एकदा फोनवर म्हणाली, ‘कोण पावणी बोलायलीया?’ मला राग आला तिचा. मग एका एकांकिकेत माझा रडायचा सीन होता, बाप गेल्याचा निरोप येतो असा, आणि मला रडूच येईना, चार दिवस तालीम, डोळे कोरडे. दिग्दर्शक म्हणाले, स्क्रिप्ट ठेव बाजूला, घरी कसं बोलली असतीस ते बोल. मी म्हणालो, ‘आण्णा, मी जेवाय बसलोय की, तुम्ही कुठं हाईसा?’ आणि जो हुंदका आला तो मला थांबवताच आला नाही. हे केशवराव भोसले नाट्यगृहात झालेलं, २०२४ च्या आगीत जळालं ते, त्याच स्टेजवर.

त्या दिवसानंतर मी प्रमाण भाषा सोडली नाही, उलट नीट शिकले, रोज पेपरमधला अग्रलेख मोठ्यानं वाचून. ती कामाची आहे, रोलला लागते. पण घरात मी अजून ‘जेवलो’च म्हणतो. तूही शीक. पुढच्या सेल्फ टेपला, म्हणजे घरी मोबाईलवर काढून पाठवायच्या ऑडिशनला, दोन टेक पाठव, एक त्यांनी मागितलेल्या भाषेत आणि एक तुझ्या. शिकून येणारी भाषा वेगळी आणि लाज वाटून तोंडात कोंबलेली वेगळी, कॅमेऱ्याला दोन्हीतला फरक लगेच दिसतो.

आडनावाचं म्हणशील तर एक गोष्ट तुझ्याच गावाजवळची आहे. १९१३ ला फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती अण्णा साळुंके नावाच्या पुरुषानं केली, कारण कॅमेऱ्यापुढं यायला बाई तयार नव्हती. पुढं १९२० ला बाबूराव पेंटरांनी इथं कोल्हापुरात ‘सैरंध्री’ काढला आणि त्यात बायकांची कामं बायकांनीच केली, गुलाबबाई आणि अनसूयाबाई. पण पडद्यावर त्या कमलादेवी आणि सुशीलादेवी झाल्या. तो काळच तसा होता, लोक काय म्हणत असतील कल्पना कर. त्यांच्यावर तशी वेळ आली. तुझ्यावर कुणी जबरदस्ती केलेली नाही, मग तू आपणहून का पुसतीस?

ती ट्यूब सोडायचीच. बिनलेबलच्या गोरं करणाऱ्या क्रीममध्ये बऱ्याचदा स्टिरॉइड असतं, आधी चेहरा उजळ दिसतो, मग कातडी पातळ होते, लाल पडते, पुरळ उठतं. अशा बऱ्याच स्टिरॉइड क्रीम २०१८ पासून डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय विकायला बंदी आहे. बरेच दिवस लावली असशील तर त्वचेच्या डॉक्टरांना दाखवूनच सोड, एकदम सोडल्यावर कधीकधी जास्त भडकतं.

आणि हे तुला मी सांगायची गरज आहे का गं? तू गुळव्याची पोरगी. गूळ पिवळाधमक दिसावा म्हणून रसात हायड्रॉस नावाचं रसायन टाकतात, सौद्यात त्या रंगाला भाव मिळतो, आणि ठेवला की काही महिन्यांनी तोच गूळ काळपट पडतो, हे तुझ्या घरात तुझ्या जन्माआधीपासून माहीत असणार. नुसती रानभेंडी घालून मळी काढलेला गूळ तांबूस असतो, लोक आता तोच शोधत येतात. तू लिहिलंयस की बाबा पाकाचा थेंब गार पाण्यात टाकतात, बोटांनी गोळी करून बघतात आणि काहिल, म्हणजे रसाची मोठी कढई, कधी उतरवायची ते सांगतात. थर्मामीटर लावला तर तिथं ११८ अंशांच्या आसपास दिसेल, ते बोटांवर ओळखतात. क्षणभर चुकलं तर सगळी काहिल वाया. असा माणूस मागं उभा राहून तुझं नाटक बघत होता.

खरं सांगू, तुझ्या पत्रात ऑडिशनच्या दोन ओळी आहेत आणि बाबांच्या बारा. तुला झोप कशानं येत नाही ते तुलाही माहितीय. फोनवर सॉरी म्हणू नकोस. गुऱ्हाळावर जा, ते चुलवाणापाशी असतील तेव्हा जा, शेजारी बस. शब्द सुचले नाहीत तरी चालेल, बापाला कळतं. पण त्या मैत्रिणीला मात्र शब्दांत सांग, नाव घेऊन सांग, ‘ते माझे बाबा होते, मी खोटं बोललो.’ हे जड जाईल. ती हसली तर हसू दे, आणि बहुतेक हसणार नाही.

इन्स्टाचे फोटो राहू देत सध्या, त्यावर नंतर बोलू, ते एवढं मोठं नाही.

तुमच्या एकांकिकेची पुढची तारीख ठरली की कळव, आणि बाबांना आधी कळव. काकवी निघाली की एक बाटली बाजूला काढून ठेवा म्हणावं त्यांना, मी येतोय.